खडूची रेघ

तक्ता सात पानांचा होता.
सही करताना मी पहिल्याच पानावरचा आकडा पाहिला:
चौतीस हजार सातशे तेरा.
सुरेंद्र म्हणाला, जमेल.
मीही म्हटलं, जमेल, भाडं तरी कुठे परत मिळतं.

दिवसभर मी पेशी मोजते.
ससूनजवळच्या लॅबमध्ये, सूक्ष्मदर्शकाला डोळा लावून,
बोट टिकटिक यंत्रावर.
शंभर झाल्या की घंटी वाजते.
मोजण्यात माझी चूक सहसा निघत नाही.
तरी त्या तक्त्याचं दुसरं पान उघडायला
मला दोन वर्षं लागली.

पहिल्या हप्त्यातले अठ्ठावीस हजार तीनशे तेहतीस व्याजात गेले होते.
मुद्दलात पडले सहा हजार तीनशे ऐंशी.
धायरीतल्या आमच्या भावाने भागलं
तर पाऊण चौरस फूट.
एक पाऊल मावेल एवढं,
दुसरं हवेत.

शेवटच्या पानावर तळाशी बेरीज:
त्र्याऐंशी लाख एकतीस हजार.
घेतले होते चाळीस.

त्या रविवारी कुणी येणार नव्हतं.
स्वरदाचा खडू घेतला नि फरशीवर रेघ ओढत गेले.
सासवडचा गुंठा विकून, पीएफ मोडून
आधी भरलेले बारा लाख:
त्यात स्वयंपाकघर बसलं, न्हाणीघर बसलं,
वॉशिंग मशीनचा कोपरा आणि पॅसेजचा तुकडा.
मग दोन वर्षांचे हप्ते. आठ लाख तेहतीस हजार.
त्यांचे झाले साडेएकोणीस फूट.
रेघ देव्हाऱ्याच्या अलीकडेच थांबली.
म्हणजे गणपती बँकेचा.
गॅलरी बँकेची, तिथून दिसणारा सिंहगड बँकेचा,
रात्री मनोऱ्यावर लुकलुकणारा लाल दिवासुद्धा.

सुरेंद्र चाकणहून आला, रेघ पाहून म्हणाला,
हॉलमध्ये जायला टोकन घ्यायचं का?
स्वरदा लंगडी घालत रेघेवरून उड्या मारत राहिली.
आपल्यात. बँकेत. आपल्यात. बँकेत.

मंगळवारी मेसेज आला. दर पाऊण टक्का वाढला आहे,
आपला मासिक हप्ता आहे तेवढाच राहील.
सुटलो, म्हणाला सुरेंद्र.
मी शाखेत फोन केला.
मुदत ॲडजस्ट होते मॅडम, पलीकडून एक मुलगा म्हणाला.
किती?
बराच वेळ कीबोर्ड वाजला.
बत्तीस महिने.

छत्तीस पूर्ण झाली त्या महिन्यात पहिला हप्ता गेला माझा.
छप्पन्नला सुटणार होते.
आता अठ्ठावन्न वर्षं आठ महिने,
आणि लॅब अठ्ठावन्नलाच निरोप देते,
नारळ, शाल, भिंतीवरचं घड्याळ.

दिवाळीत बोनसचे आणि भिशीचे मिळून पन्नास हजार झाले.
सोफा बघून ठेवला होता, मोरपंखी.
दुकानाच्या दारापर्यंत गेलोही.
मग मी एकटीच पुढे शाखेत गेले.
मुदत कमी करा, म्हटलं, हप्ता नको.
तोच मुलगा असावा. म्हणाला,
एवढ्याने काय फरक पडणार, मॅडम, दिवाळी करा.
तरी त्याने बटण दाबलं, मग थांबला,
पडदा माझ्याकडे वळवला.
नऊ महिने कमी.
मी तिथेच बोटांवर मोजलं:
सत्तावन्न वर्षं अकरा महिने.
निरोपाचा नारळ फुटेल त्याच्या एक महिना आधी.
आतल्या आत घंटी वाजली,
पण मी ती कुणाला ऐकवली नाही.
दर काय, पुन्हा वाढेल.

घरी येऊन रेघ पुढे सरकवली, जवळजवळ सहा फूट.
देव्हारा आत आला.
सुरेंद्र सोफ्याबद्दल काही बोलला नाही,
नुसता चटई झटकून रेघेच्या या बाजूला बसला.

आज सकाळी फरशी पुसताना कौसाबाई थबकल्या.
ताई, हा मुंग्यांचा खडू का?
हो म्हटलं.
थांबतात का हो याने?
हळूहळू, म्हटलं,
आणि त्या पुसून गेल्यावर
आठवून आठवून पुन्हा ओढली.